शत्रूच्या घरचा आकांत
(ग्रीक शोकनाट्य, म्हैसूर आणि आपण मराठी माणसे)

मंडळाच्या पन्नास वर्षांच्या वाटचालीचा आढावा या स्मरणिकेत अधिकारी व्यक्तींच्या लेखण्यांतून येईलच. संपादक मंडळाने आमच्याकडे मागितला तो नाटकाविषयीचा लेख. मराठी माणसे चार जमली की गणपती बसतो आणि गणपती बसला की नाटक उभे राहते, हे म्हैसुरातही खरे ठरले आहे. परंतु आज आम्ही आपल्या नाटकाविषयी न लिहिता, ज्या गावाने आपल्याला आसरा दिला त्या गावात अवतरलेल्या एका परक्या नाटकाविषयी लिहिणार आहोत. ते नाटक अडीच हजार वर्षांपूर्वीचे आणि ग्रीक भाषेतले आहे. तरीही त्याचा मराठी माणसाशी, विशेषतः म्हैसुरात राहणाऱ्या मराठी माणसाशी, निकटचा संबंध आहे असे आम्हांस वाटते. तो कसा, हे सांगण्यासाठी थोडी फिरून वाट घ्यावी लागेल.

म्हैसूरच्या महाराजा महाविद्यालयात इंग्रजीचे अध्यापन केलेले बी. एम. श्रीकंठय्या (१८८४-१९४६) यांचे नाव आपल्यापैकी बहुतेकांच्या कानांवरून गेले असेल. कन्नड मंडळी त्यांना प्रेमाने ‘बी. एम. श्री’ म्हणतात आणि नव्या कन्नड कवितेच्या आचार्यांत त्यांना अग्रमान देतात. इंग्रजी भावगीतांची त्यांनी केलेली कन्नड रूपे प्रसिद्धच आहेत. त्यामानाने त्यांच्या तीन नाटकांची चर्चा कमी होते. ‘गदायुद्ध नाटकम्’ (१९२६), ‘अश्वत्थामन्’ (१९२९) आणि ‘पारसिकरु’ (१९३५) अशी ती तीन नाटके. तिन्हींचा विषय एकच आहे: युद्ध संपल्यानंतर जे उरते ते. ट्रॅजेडीला कन्नडात ‘रुद्रनाटक’ असाही एक शब्द आहे. आपल्या ‘शोकांतिके’पेक्षा तो आम्हांस अधिक अर्थवाही वाटतो, कारण शोक केवळ अंती नसतो, ग्रीक नाटकात तर तो पहिल्या प्रवेशापासूनच दारात उभा असतो.

या तिन्ही नाटकांची जातकुळी मात्र एक नाही. ‘गदायुद्धा’ची सामग्री घरचीच आहे. दहाव्या शतकातील महाकवी रन्न याच्या काव्यावर ते आधारलेले असून रचना मात्र ग्रीक शोकनाट्याच्या वळणाची आहे. हा रन्न मूळचा मुधोळचा, बांगड्या विकणाऱ्या कुटुंबातला. पुढे शतकानुशतके ज्या मुधोळावर घोरपड्यांचा अंमल होता तेच हे मुधोळ! रन्नाच्या काव्यातला दुर्योधन भीमाशी शेवटची झुंज देण्यापूर्वी रणभूमीवरून, प्रेतांच्या राशींतून वाट काढीत चालत जातो. द्रोणापाशी, दुःशासनापाशी, कर्णापाशी तो शोक करतो हे ओघानेच आले. पण तो अभिमन्यूच्या कलेवरापाशीही थांबतो. शत्रूच्या या कोवळ्या पुत्राच्या शौर्याला तो वंदन करतो आणि आपल्यालाही असेच मरण यावे अशी इच्छा व्यक्त करतो. ग्रीक नाटके वाचलेल्या प्राध्यापकाला आपल्या भाषेतल्या हजार वर्षांपूर्वीच्या कवीमध्ये हे सापडले, तेव्हा त्याला काय वाटले असेल याची कल्पना करावी.

‘अश्वत्थामन्’ हे सोफोक्लीसच्या ‘एजॅक्स’चे रूपांतर. मूळ नाटकातला वीर अपमानाने पिसाट होतो, भ्रमात पशूंची कत्तल करतो आणि शुद्धीवर आल्यावर लाजेने स्वतःच्या तलवारीवर पडतो. श्रीकंठय्यांनी त्या जागी द्रोणपुत्राला उभे केले, भाषेला जुन्या कन्नडाची धाटणी दिली, आणि परंपरेने ज्याला चिरंजीव मानले त्या अश्वत्थाम्याला मृत्यू दिला. हे धारिष्ट्य लहान नव्हे. तेलाची वाटी मागत दारोदार हिंडणाऱ्या अश्वत्थाम्याच्या गोष्टी आजीच्या मांडीवर ऐकलेल्या कोणत्याही मराठी माणसाला ते चटकन रुचणार नाही. आम्हांसही प्रथम ते खटकले. मागाहून वाटले, की चिरंजीव ठेवून केलेल्या शिक्षेपेक्षा हा मृत्यू अधिक दयाळू आहे.

आता तिसरे नाटक. ‘पारसिकरु’ म्हणजे ईस्किलसचे ‘पारसीक’, आणि येथे श्रीकंठय्यांनी काहीच बदलले नाही. पारसीकांचे कौरव केले नाहीत, सलामिसचे कुरुक्षेत्र केले नाही. एजॅक्सचा अश्वत्थामा करणाऱ्या लेखकाने येथे हात का आखडता घेतला, हा प्रश्न आम्हांस अनेक दिवस छळत होता. त्याचे जे उत्तर आम्हांस सुचते ते सांगण्याआधी मूळ नाटकाची हकीकत सांगितली पाहिजे.

इ. स. पूर्व ४८० मध्ये इराणचा सम्राट झर्क्सीस प्रचंड सैन्य घेऊन ग्रीसवर चालून गेला. अथेन्स शहर त्याने जाळले, आक्रोपोलिसवरची देवळे भस्मसात केली. त्यानंतर सलामिसच्या सामुद्रधुनीत ग्रीक आरमाराने त्याच्या आरमाराचा धुव्वा उडविला. त्याआधी दहा वर्षे, मॅरेथॉनच्या लढाईत, ईस्किलस स्वतः लढला होता व त्याचा भाऊ तेथेच पडला होता. अशा माणसाने इ. स. पूर्व ४७२ मध्ये, सलामिसनंतर अवघ्या आठ वर्षांनी, त्या विजयावर नाटक रचले. त्याचा खर्च उचलणारा तरुण धनिक होता पेरिक्लीस, पुढे अथेन्सचा पुढारी झालेला तोच. नाटकाला त्या वर्षीचे पहिले पारितोषिक मिळाले. प्रेक्षक बसले होते आक्रोपोलिसच्या दक्षिण उतारावर, म्हणजे जळक्या देवळांच्या पायथ्याशी!

अशा प्रेक्षकांपुढे कवीने कोणता देखावा मांडला? अथेन्सचा विजयोत्सव नव्हे. रंगभूमी आहे शत्रूची राजधानी सूसा. वृद्ध मंत्र्यांचा वृंद काळजीने वाट पाहतो आहे. राजमाता अशुभ स्वप्नाने व्याकूळ होऊन येते. अथेन्स कोठे आहे, त्या लोकांचा धनी कोण, असे प्रश्न ती विचारते. मग जासूद येतो आणि सारे सैन्य बुडाल्याचे सांगतो. तो पडलेल्या सरदारांची नावे एकामागून एक घेत जातो, आणि ती संपता संपत नाहीत. कैलासवासी सम्राट दरायस याचे भूत थडग्यातून उठते व मुलाच्या उन्मत्तपणाला दोष देते. शेवटी खुद्द झर्क्सीस फाटक्या वस्त्रांनी येतो आणि वृंदासह ऊर बडवीत राजवाड्याकडे निघून जातो. संपूर्ण नाटकात एकाही ग्रीक सेनापतीचे नाव नाही. जी नावे ऐकू येतात ती सर्व शत्रूच्या मृतांची.

काही पंडित म्हणतात की यात अथेन्सवासीयांनी शत्रूच्या फजितीचा आनंदच लुटला असेल. लुटलाही असेल, प्रेक्षागृहात सर्व प्रकारची माणसे असतात. परंतु केवळ फजितीच दाखवावयाची असती तर प्रहसन पुरे होते. शत्रूच्या आईला सभ्यपणे, सन्मानाने बोलू देण्याची गरज नव्हती. येथे आणखी एक गोष्ट ध्यानात ठेवावी. याच अथेन्समध्ये त्याआधी वीसेक वर्षे फ्रिनिकस नावाच्या नाटककाराने ‘मिलेटसचा पाडाव’ हे नाटक केले होते. मिलेटस हे अथेन्सच्या भाऊबंदांचे शहर इराण्यांनी लुटले होते. ते नाटक पाहून सारे प्रेक्षागृह ढसढसा रडले, आणि नगरसभेने नाटककाराला स्वतःच्या दुःखाची आठवण करून दिल्याबद्दल एक हजार द्राख्मांचा दंड ठोठावून ते नाटक कायमचे बंद केले. हिरोडोटसने हे नमूद करून ठेवले आहे. स्वतःचे दुःख रंगभूमीवर सोसवले नाही. शत्रूचे सोसवले, इतकेच नव्हे तर त्याला पारितोषिक मिळाले. मनुष्यस्वभावाची ही गंमत समजून घेण्यासारखी आहे.

या नाटकाचे आधुनिक प्रयोग झाले तेव्हा हीच कळ पुन्हा दाबली गेली. १९९३ साली पीटर सेलर्स या अमेरिकन दिग्दर्शकाने आखाती युद्धाच्या पार्श्वभूमीवर याचे नवे रूप केले आणि पारसीकांच्या जागी इराकी उभे केले. अमेरिकेतल्या प्रयोगांतून काही प्रेक्षक उठून गेले. २०१० साली वेल्समध्ये सैनिकी सरावाच्या राखीव माळरानावर याचा प्रयोग झाला. युरिपिडीसचे ‘ट्रॉयच्या स्त्रिया’ (इ. स. पूर्व ४१५) हे याचे धाकटे भावंड. २०१३ साली अम्मानमध्ये सीरियातून परागंदा झालेल्या स्त्रियांनीच ते सादर केले व त्यात आपल्या घरादाराच्या कहाण्या मिसळल्या. आपल्या देशात धर्मवीर भारतींचे ‘अंधा युग’ (१९५४) हे त्याच गोत्रातले. सत्यदेव दुबे यांनी १९६२ मध्ये ते मुंबईत केले, आणि १९६३ मध्ये अल्काझींनी दिल्लीच्या फिरोजशहा कोटल्याच्या पडक्या भिंतींत. म्हैसुरात कुवेंपूंनी १९३१ मध्येच ‘स्मशान कुरुक्षेत्रम्’ लिहिले होते, हे आपल्याकडे फारसे ठाऊक नाही.

आता त्या प्रश्नाकडे येऊ. महाभारतात शत्रूचा शोक आहेच. सबंध स्त्रीपर्व त्याने भिजले आहे. पण तेथील शत्रू हा चुलतभाऊ आहे. गांधारीचे आणि कुंतीचे अश्रू एकाच वाड्यातले आहेत. पारसीक हे खरोखरीचे परके होते. त्यांची भाषा वेगळी, देव वेगळे, आणि ते इतिहासातले होते. त्यांनी जाळलेल्या घरांची राख अजून निवाली नव्हती. पुराणातला वीर दुसऱ्या पुराणात घालता येतो, परंतु इतिहासातला शत्रू बदलला की नाटकाचा प्राणच जातो. श्रीकंठय्यांनी हे ओळखले म्हणूनच पारसीकांना पारसीक ठेवले, असे आमचे मत आहे.

आणि येथेच आम्हां म्हैसूरकर मराठी मंडळींना थोडे अवघडल्यासारखे होते.

आपण रविवारी पाहुण्यांना श्रीरंगपट्टण दाखवावयास नेतो. मेलुकोटेला जातो, वाटेत तोण्णूरचा तलाव पाहतो. त्याच मोती तलावाच्या परिसरात, चिनकुरळी येथे, मार्च १७७१ मध्ये त्रिंबकराव पेठ्यांच्या फौजेने हैदराचा दारुण पराभव केला आणि मग श्रीरंगपट्टणला वेढा घातला. १७९१ च्या मे महिन्यात हरिपंत फडके व परशुरामभाऊ पटवर्धन यांच्या फौजा मेलुकोटेच्या बाजूने आल्या. त्यांच्या बाजारात धान्य मिळाले म्हणून कॉर्नवालिसची उपाशी पलटण वाचली. आपल्या इतिहासाच्या पुस्तकांत ही सारी पाने अभिमानाची आहेत, आणि लष्करी कर्तबगारी म्हणून ती तशी असावीतही. पण त्याच वर्षी परशुरामभाऊंच्या फौजेबरोबरच्या स्वारांनी व पेंढाऱ्यांनी शृंगेरीचा मठ लुटला, शारदेची मूर्ती स्थानभ्रष्ट झाली, माणसे मारली गेली आणि स्वामींना कारकळला जाऊन राहावे लागले. टिपूने स्वामींना धाडलेली पत्रे १९१६ साली म्हैसूर संस्थानच्या पुराणवस्तू खात्याचे प्रमुख आर. नरसिंहाचार यांना मठाच्या दप्तरात सापडली. त्यांतून त्या लुटीनंतरचा विषाद आणि मूर्तीच्या पुनःस्थापनेसाठी केलेली मदत, दोन्ही दिसतात. टिपूच्या एकंदर कारकिर्दीविषयी कोणाचे मत काहीही असो, या एका प्रकरणात जासूद सूसाला आला होता आणि दुःखाची वार्ता आपल्याविषयी होती, एवढे कबूल करावे लागते.

उलट बाजूही आहे. पानिपतची वार्ता नानासाहेबांना भेलशाच्या बाजूला असताना मिळाली ती सावकारी पत्रातून, नाण्यांच्या सांकेतिक भाषेत: मोती किती गेले, मोहरा किती, आणि रुपये-खुर्द्याची गणतीच नाही. ईस्किलसच्या जासुदाने नावे घेतली, आपल्या जासुदाने नाणी मोजली, आकांत तोच. पार्वतीबाईंनी अखेरपर्यंत वैधव्य मानले नाही आणि भाऊसाहेबांच्या तोतयाचे प्रकरण १७७६ पर्यंत राज्याला पुरले. राजमाता सूसाच्या वाड्यात होती तशी ती शनिवारवाड्यातही होती.

मग आपल्या रंगभूमीने या शोकाचे काय केले? मराठीतले पहिले ऐतिहासिक नाटक, वि. ज. कीर्तने यांचे ‘थोरले माधवराव पेशवे’, १८६१ चे आहे, म्हणजे पानिपतानंतर बरोबर शंभर वर्षांनी लिहिलेले, आणि त्याचा शेवट मृत्यूने व रमाबाईंच्या सहगमनाने होतो. न. चिं. केळकरांनी ‘तोतयाचे बंड’ लिहिले. विश्वास पाटलांच्या ‘पानिपत’ (१९८८) कादंबरीवरून वामन केंद्रे यांनी ‘रणांगण’ उभे केले व ते गाजले. ग्रीकांचेही आपल्याला वावडे नाही: पु. ल. देशपांड्यांनी ओयदिपौस मराठीत आणला, डॉ. श्रीराम लागूंनी अँटिगनी. परंतु यांतला प्रत्येक शोक एकतर आपला आहे किंवा दूरच्या ग्रीक राजघराण्याचा. ज्याला आपण हरविले त्याच्या घरात मांडलेले मराठी नाटक आमच्या आठवणीत नाही. फ्रिनिकसला दंड झाला; आपण मात्र फ्रिनिकसच होऊन बसलो आहोत, आणि आपल्याला दंडाऐवजी टाळ्या मिळतात!

याचे कारण केवळ अभिमान नव्हे. नाटकाच्या तंत्रातही ते दडले असावे. ग्रीक नाटकात शोक वाहतो तो वृंद. एकटा नट शत्रूची आई होऊन बोलू लागला तर प्रेक्षक त्याला परका मानून दूर बसू शकतो. पण दहा-बारा माणसे एका सुरात विलाप करू लागली की ती बाजू कोणती हे विसरले जाते. अशी वृंदाची सोय आपल्याकडे होती. १८४३ साली सांगलीला चिंतामणराव पटवर्धनांच्या इच्छेवरून विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ केले ते कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचा खेळ पाहून. त्या पद्धतीत पदे म्हणे तो सूत्रधार, मागे त्याचे साथीदार, आणि पात्रे उत्स्फूर्त बोलत. पुढे १८८० मध्ये किर्लोस्करांच्या ‘शाकुंतला’ने पदे पात्रांच्या तोंडी दिली. त्यातून संगीत नाटकाचे वैभव उदयास आले, पण नट गायक झाला आणि वृंद विंगेत गेला तो परत आला नाही. कन्नड रंगभूमीवर भागवत आणि मेळ जिवंत राहिले. म्हणूनच बी. व्ही. कारंतांनी १९७२ साली बंगळुरात लंकेशांचा कन्नड ‘ईडिपस’ उघड्या रंगमंचावर आणला तेव्हा वृंदाची परंपरा शून्यातून घडवावी लागली नाही. पुढे १९८९ मध्ये हेच कारंत म्हैसूरच्या ‘रंगायण’चे पहिले संचालक झाले. कलामंदिराच्या आवारातले वनरंग हे त्या संस्थेचे खुले नाट्यगृह आपल्यापैकी पुष्कळांनी बहुरूपी महोत्सवाच्या दिवसांत पाहिले आहे. पायऱ्या, झाडे आणि वर आकाश! ग्रीक नाटकाला याहून निराळे काय लागते?

योगायोग असा की सांगलीचे चिंतामणराव आणि शृंगेरीच्या लुटीशी ज्यांच्या फौजेचे नाव जोडले गेले ते परशुरामभाऊ हे एकाच पटवर्धन घराण्यातले. त्या घराण्याच्या फौजा कर्नाटकात आल्या आणि पन्नास वर्षांनी कर्नाटकाचे नाटक त्यांच्या दारात गेले. या देवघेवीवर एखाद्या अभ्यासू तरुणाने सविस्तर लिहावे. नोकरीच्या बदल्यांत आमचा तो योग हुकला.

सुवर्णमहोत्सवी वर्षात मंडळाने ‘पारसीक’ मराठीत करावे, अशी सूचना आम्ही कार्यकारिणीपुढे ठेवली आहे. श्रीकंठय्यांची कन्नड प्रत शेजारी ठेवून, कन्नड जाणणाऱ्या आपल्या सभासदांच्या मदतीने भाषांतर होऊ शकेल. विलापासाठी ओवीचा छंद घ्यावा. जात्यावर बसून बायकांनी ज्या चालींत सासर-माहेरचे दुःख सांगितले, त्यांत सूसाच्या विधवांचेही सामावेल. पोशाख इराणी असावेत, मराठेशाही नकोत, नाहीतर तेच ते अभिनिवेश अंगात शिरतील. खर्चाची धास्ती बाळगण्याचे कारण नाही. ईस्किलसच्या काळी दोनच नटांत सारी पात्रे निभावत. एकाने राजमाता आणि झर्क्सीस करावा, दुसऱ्याने जासूद आणि दरायसचे भूत, आणि नेपथ्य म्हणजे एक थडगे. अडचण असते ती वृंदाची, कारण त्याला दहा-बारा पिकल्या केसांची माणसे लागतात, जी तास-सव्वातास उभी राहून काळजी करू शकतील. आपल्या मंडळाच्या सभासदांची यादी पाहता तीही अडचण नाही. तालमींसाठी बुधवार व शनिवार सायंकाळ सोयीची पडेल असे काही निवृत्त सभासदांनी आम्हांस आधीच कळविले आहे.